काळ विणणाऱ्यांची परीक्षा

माझ्याकडे तबला शिकायला सातवीतला एक मुलगा येतो. परवा तो आपली वही सोप्यावर विसरून गेला. पुढच्या पानांवर मी लिहून दिलेले कायदे, आणि वही उलटी धरली की मागून एक गोष्ट लिहिलेली. दुसऱ्याची वही वाचू नये हे कळतं. तरी वाचली.

गोष्ट अशी. एका डोंगराच्या पोटात काळ विणणाऱ्यांचा संघ असतो. जगातले सगळे दिवस नि सगळ्या रात्री त्यांच्या मागावर तयार होतात. संघात शिरायचं तर तीन परीक्षा. पहिलीत उकळत्या पाण्यातून धागा काढायचा. दुसरीत सात रात्री न झोपता माग चालवायचा. तिसरीत आपल्या आयुष्यातला एक दिवस कापून संघाला द्यायचा. तो दिवस मग आपल्याला कधीच आठवत नाही. मध्ये कुणी चुकला, तर संघाचा म्हातारा प्रमुख हातोडीच्या दांड्याने त्याच्या बोटांवर मारतो.

इथे मी थांबलो. मागावर बसलेल्याला हातोडी कशाला हवी? हातोडी तबला लावायला लागते. तो म्हातारा कोण, हे ओळखायला मला वेळ लागला नाही.

तुम्ही म्हणाल, मुलांना मारता? मारत नाही, असंच मी कालपर्यंत सांगितलं असतं. ठेका धावला की दांडा बोटांवर नुसता टेकवायचा, एवढंच. पण टेकवणारा मी. लागलं की नाही, हे ठरवायचं त्याच्या बोटांनी.

मी शिकलो ते १९७४ सालापासून, गावातल्याच एका वादकांकडे. नाव लिहीत नाही. पहिलं वर्षभर त्यांनी तबल्याला हात लावू दिला नाही. नुसत्या हातांवर तीनताल. सोळा मात्रा, पहिलीवर सम, नववीवर काल. लयभास्कर खाप्रूमामा पर्वतकरांचं नाव घेऊन ते म्हणायचे, "मामा हातापायांनी वेगवेगळे ताल एकाच वेळी धरायचे. तुला दोन हातांनी एक धरवत नाही?" मग दांडा. एका वर्षी देवळातल्या भजनी सप्ताहात (नावाला सप्ताह, आमच्याकडे तो चोवीस तासांचा) त्यांनी मला रात्रभर उठू दिलं नाही. पहाटे बोटं फुटली. "आता झालास," एवढंच म्हणाले. त्या दोन शब्दांवर मी पुढे बरीच वर्षं जगलो, आणि त्या रात्रीचा राग मात्र आजही गेलेला नाही. दोन्ही खरं आहे.

काळ विणण्याची ही कल्पना त्या मुलाने कुठून घेतली, ठाऊक नाही. एखाद्या इंग्रजी पुस्तकातून घेतली असेल. पण आपल्याकडे ती फार जुनी आहे, आणि गंमत म्हणजे तीही परीक्षांच्याच गोष्टीत येते. महाभारताच्या आदिपर्वात, अगदी सुरुवातीला, पौष्यपर्व आहे. वही मिटली आणि ते काढून बसलो.

धौम्य ऋषींचे तीन शिष्य. आरुणीला शेताचा फुटलेला बांध अडवायला पाठवलं. माती टिकेना तेव्हा तो स्वतःच आडवा पडला. आपल्या खाजनांचे बांध फुटताना ज्यांनी पाहिलेत, त्यांना यातला धोका सांगायला नको. दुसरा उपमन्यू. भिक्षा बंद, दूध बंद, वासरांच्या तोंडचा फेसही बंद. शेवटी भुकेने रुईची पानं खाऊन आंधळा झाला नि आडात पडला. आडातून त्याने अश्विनीकुमारांची स्तुती केली, तिच्यात वर्षाचं चाक फिरतं आणि काळ्यापांढऱ्या धाग्यांचं वस्त्र विणलं जातं. तिसरा वेद. याने बैलासारखी ओझी वाहिली. थंडी, ऊन, भूक सोसली. तिघेही उत्तीर्ण. ग्रंथात शब्दही 'परीक्षा' असाच आहे.

वेदाचा शिष्य उत्तंक. गुरुपत्नीने त्याच्याकडे गुरुदक्षिणा मागितली ती पौष्य राजाच्या राणीची कुंडलं, आणि तीही चौथ्या दिवसापर्यंत. वाटेत बैलाचं शेण खावं लागलं, मिळालेली कुंडलं तक्षकाने पळवली, त्यांच्यामागे हा नागलोकात उतरला. तिथे दोन स्त्रिया मागावर काळे नि पांढरे धागे विणत होत्या, आणि सहा कुमार बारा आऱ्यांचं चाक फिरवत होते. कुंडलं घेऊन तो वेळेत परतला. गुरूने मग अर्थ सांगितला: त्या धाता आणि विधाता, धागे म्हणजे रात्र आणि दिवस, कुमार म्हणजे सहा ऋतू, चाक म्हणजे संवत्सर. आणि ते शेण अमृत होतं, म्हणून तू नागलोकातून जिवंत आलास.

आजवर मी ही गोष्ट इथेच संपवत असे. कडू गिळलंस म्हणून वाचलास! माझ्या गुरूंचा दांडा या एका वाक्याने मी किती वेळा अमृत करून घेतला असेल. पण पुढे वाचलं पाहिजे. काळाचा माग डोळ्यांनी पाहिलेला हा उत्तंक घरी गेला नाही. तक्षकावरचा राग घेऊन तो सरळ हस्तिनापुरास जनमेजयाकडे गेला आणि सर्पसत्राला त्याने राजाला उद्युक्त केलं. एकाचा अपराध, आणि आगीत पडले हजारो. सगळ्या परीक्षा पार केलेल्या माणसाने हे केलं!

आणि वेद? त्याच्याबद्दल एक वाक्य आहे, मी ते आजवर नुसतं ओलांडत आलो होतो. गुरुगृही राहण्याचं दुःख काय असतं ते तो जाणून होता, म्हणून स्वतः गुरू झाल्यावर शिष्यांना कष्ट द्यावेत असं त्याला वाटेना. बस, एवढंच. ना नागलोक, ना माग, ना चाक. पण मला वाटतं, काळ विणायला खरा शिकला तो हाच. वरून आलेला एक काळा धागा त्याने आपल्या हातात थांबवला, पुढे जाऊ दिला नाही. मी पुढे जाऊ दिला होता, आणि तो एका सातवीतल्या मुलाच्या वहीत जाऊन पोचला होता.

मंगळवारी तो आला. वही परत दिली. "वाचली," मी म्हटलं. त्याचा चेहरा उतरला. मी विचारलं, "शेवट का नाही लिहिलास? तो मुलगा पास होतो की नाही?"

"ठरलं नाही, सर," तो म्हणाला. "पास झाला तर पुढे तोच प्रमुख होतो ना. मग तो पण मारणार."

मला उत्तर सुचलं नाही. तबला उतरला होता. हातोडी घेतली, तबला सुरात लावला आणि हातोडी कपाटात ठेवून दिली. त्याचा ठेका त्या दिवशीही धावला. मी हाताने टाळी देत राहिलो. कितव्या तरी आवर्तनात तो आपसूक समेवर आला.