पाहणाऱ्याच्या हाती पडदा

विद्यालयाच्या रौप्यमहोत्सवी स्मरणिकेसाठी लेख मागताना संपादक मंडळाने विषयाचे बंधन घातले नाही. इतिहासाच्या शिक्षकाकडून अशा प्रसंगी संस्थेची वाटचाल किंवा शिक्षणाच्या चळवळीचा आढावा अपेक्षित असतो. मी मात्र वरवर हलका वाटणारा विषय निवडला आहे : व्हिडिओ गेमचे यंत्र दूरचित्रवाणी संचाला जोडून मोठ्या पडद्यावर खेळणे. दोन वर्षांपूर्वी आपल्या वसतिगृहात असे एक यंत्र आले आणि त्यावरून पालकसभेत बराच ऊहापोह झाला. त्या सभेत वाट्याला आलेल्या पाच मिनिटांत जे सांगून झाले नाही, ते येथे सविस्तर मांडतो.

वर्गात मी मुलांना एक सवय लावू पाहतो. समोर कोणतीही वस्तू आली की तिला विचारावे : तुला कोणी घडवले, कोणासाठी घडवले आणि तुझ्यापासून कोणाला दूर ठेवले गेले? पाणवठ्याला, छापखान्याला, रेल्वेच्या डब्याला हे प्रश्न आपण नेहमी विचारतो. दूरचित्रवाणी संचाला ते सहसा विचारले जात नाहीत.

मुंबई दूरदर्शन केंद्र २ ऑक्टोबर १९७२ रोजी सुरू झाले. आमच्या मराठवाड्यातील गावी पहिला संच यायला त्यानंतर बारा-तेरा वर्षे लागली. तो गावातल्या एका मोठ्या वाड्यात होता. १९८७ साली रविवार सकाळच्या मालिकांनी सारा देश घरात बसवला, तेव्हा मी दहावीच्या उंबरठ्यावर होतो. वाड्याच्या ओसरीवर गावातली मुले बसत. आम्ही वस्तीवरची मुले अंगणात, खिडकीच्या गजांशी उभे राहत असू. आम्हांला कोणी हाकलले असे नाही. पण आत या, असेही कोणी म्हणाले नाही. ऊन चढले की काचेवर तिरीप येई आणि चित्र पुसट होई. आवाज तेवढा ऐकू येई. मागाहून इतिहास शिकताना माझ्या ध्यानात आले की ओसरीवर बसलेल्यांच्या आणि आमच्या स्थितीत एक साम्यही होते. संच बोलत होता आणि सगळे ऐकत होते. त्याला उत्तर देण्याची सोय आत बसलेल्यांनाही नव्हती.

मुंबई केंद्र सुरू झाले त्याच १९७२ साली अमेरिकेत ही सोय बाजारात आली होती. तिचे नाव मॅग्नावॉक्स ओडिसी. घरच्या दूरचित्रवाणी संचाला जोडून खेळण्याचे हे पहिले विक्रीयोग्य यंत्र. ज्यांच्या कल्पनेतून ते आले, त्या राल्फ बेअर यांचे चरित्र आपल्या विद्यार्थ्यांनी जाणून घ्यावे असे मला वाटते.

बेअर यांचा जन्म १९२२ साली जर्मनीत एका ज्यू कुटुंबात झाला. नाझी राजवटीत, वयाच्या चौदाव्या वर्षी, केवळ जन्मामुळे त्यांना शाळेतून काढून टाकण्यात आले. १९३८ साली कुटुंब अमेरिकेला निघून गेले. तेथे त्यांनी प्रथम कारखान्यात आठवड्याला बारा डॉलरवर काम केले. रेडिओविषयक शिक्षणाची एक जाहिरात पाहून ते पत्रद्वारा अभ्यासक्रमाकडे वळले आणि १९४० साली रेडिओ दुरुस्तीचे तंत्रज्ञ झाले. महायुद्धात त्यांनी अमेरिकी सैन्यात सेवा केली. युद्धानंतर, माजी सैनिकांसाठीच्या शैक्षणिक साहाय्याच्या आधारे, १९४९ साली शिकागो येथून त्यांनी दूरचित्रवाणी अभियांत्रिकीची पदवी मिळवली.

जन्मावरून शाळा नाकारली जाणे म्हणजे काय, हे या स्मरणिकेच्या वाचकांना समजावून सांगण्याची गरज नाही. साताऱ्याच्या शाळेत घरून आणलेल्या गोणपाटावर वेगळे बसणारा विद्यार्थी भीमराव आपणा सर्वांच्या मनात आहे. दोन देशांचे इतिहास एकाच मापाने मोजू नयेत, हे मी जाणतो. युरोपातील ज्यूंवर कोसळलेला संहार आणि आपल्याकडील शतकानुशतकांची अस्पृश्यता यांची कारणे आणि रूपे भिन्न आहेत. तरीही वर्गाचे दार बंद झालेला मुलगा जिथे मिळेल तिथून शिकतो, हे दोन्हींकडे दिसते.

१९६६ साली बेअर सँडर्स असोसिएट्स या संरक्षण सामग्री बनवणाऱ्या कंपनीत अभियंता होते. न्यूयॉर्कच्या एका बसस्थानकाबाहेर सहकाऱ्याची वाट पाहत असताना त्यांनी काही टिपणे केली आणि १ सप्टेंबर १९६६ रोजी चार पानी प्रस्ताव लिहून काढला. घरोघरी कोट्यवधी संच आहेत. ठरलेला कार्यक्रम दाखवण्याखेरीज त्यांचा आणखी काही उपयोग होईल का, असा त्यांचा साधा प्रश्न होता. बिल हॅरिसन आणि बिल रश या सहकाऱ्यांसह १९६८ पर्यंत त्यांनी एक चालता नमुना सिद्ध केला. लाकडासारख्या दिसणाऱ्या तपकिरी चिकटपट्टीने मढवल्यामुळे त्याला 'ब्राऊन बॉक्स' म्हणतात. वॉशिंग्टनच्या स्मिथसोनियन संग्रहालयाकडे तो आज जतन केलेला आहे.

यातील युक्ती मी आठवीच्या मुलांना फळ्यावर काढून दाखवतो. त्या काळच्या संचाला चित्र आत घेण्यासाठी एकच दार होते, अँटेनाचे. म्हणून या पेटीला स्वतःच इवलेसे प्रक्षेपण केंद्र व्हावे लागले. पडद्यावरच्या ठिपक्यांचे चित्र ती तीन किंवा चार क्रमांकाच्या चॅनेलच्या लहरींवर चढवी आणि तारेवाटे संचाकडे धाडी. हे चित्र दूरच्या मनोऱ्यावरून आले की शेजारच्या पेटीतून, हे संचाला कळण्याचे कारण नव्हते. अँटेनाची तार आणि खेळाची तार यांच्यामध्ये एक लहान खटका असे. तो एका बाजूला केला की देशाचे केंद्र, दुसऱ्या बाजूला केला की घरातल्या मुलाचे केंद्र.

ओडिसी आजच्या मुलांना बाळबोध वाटेल. तिला आवाज नव्हता, रंग नव्हते. पडद्यावर काही पांढरे चौकोन आणि एक रेघ एवढेच उमटे. मैदान किंवा चक्रव्यूह हवा असेल तर रंगीत पारदर्शक पत्रा काचेवर लावायचा. गुण मोजण्याचे कामही यंत्र करीत नसे. ते खेळाडूंनी आपसांत प्रामाणिकपणे मोजायचे. बेअर यांच्या नावे १७ एप्रिल १९७३ रोजी मंजूर झालेल्या पेटंटच्या शीर्षकात खेळासोबत 'प्रशिक्षण' हा शब्दही आहे, याकडे मी शिक्षक म्हणून मुद्दाम लक्ष वेधतो.

आपल्याकडे ही वस्तू सर्वसामान्यांपर्यंत पोहोचली ती १९९० नंतर. निन्टेंडो कंपनीने १९८३ साली जपानमध्ये आणलेल्या यंत्राच्या स्वस्त नकला तालुक्याच्या गावांत दिसू लागल्या. काही दुकानांत तासाच्या भाड्याने खेळायला मिळे. पुढे पिवळी, पांढरी आणि तांबडी पिन असलेली तार आली. पिवळ्या पिनेतून चित्र आणि उरलेल्या दोहोंतून ध्वनी थेट संचात जाऊ लागला. चॅनेल जुळवण्याचा खटाटोप संपला. आता एचडीएमआयच्या एकाच तारेतून चित्र आणि ध्वनी दोन्ही जातात.

आपल्या वसतिगृहात आलेले यंत्र या मधल्या काळातले, तिरंगी पिनांचे होते. पुण्यात नोकरी करणाऱ्या एका माजी विद्यार्थ्याने घर आवरताना ते दोन कंट्रोलरसह पाठवून दिले. सभागृहातला आपला त्रेचाळीस इंची संच नवा. त्याला तिरंगी पिनांची जागाच नाही. नववीतील एका विद्यार्थिनीने संचाची पुस्तिका वाचून सांगितले की मध्ये कन्व्हर्टर लागेल. बाजारात अशा दोन डब्या मिळतात आणि त्या दिसायला अगदी सारख्या असतात. एक जुन्या यंत्राचे चित्र नव्या संचाकडे नेते, दुसरी नव्या यंत्राचे जुन्या संचाकडे. डबीवर कोणते अक्षर आधी छापले आहे, एवढाच फरक. तिने तो कागदावर लिहून गृहपालांच्या हाती दिला आणि योग्य डबी आली.

जोडणी झाली, रिमोटवरील 'सोर्स' दाबून योग्य इनपुट निवडले आणि पडद्यावर क्रिकेटचे मैदान उमटले. पण खेळाडू आडवे फुगलेले दिसत होते, आणि बटण दाबल्यावर बॅट क्षणभर उशिरा फिरे. मुलांनी दोन्हींची कारणे शोधली. जुने चित्र चारास तीन या प्रमाणाचे, नवा पडदा सोळास नऊचा. संचाने ते ताणून भरले होते. प्रमाण बदलताच खेळाडू सडपातळ झाले. उशिराचे कारण अधिक उद्बोधक होते. काचेच्या जुन्या संचावर चित्र आले तसे उमटे. नवा संच ते आधी घासूनपुसून घेतो, मग दाखवतो. नुसते पाहणाऱ्याला हा विलंब जाणवत नाही. ज्याच्या हाती बॅट आहे त्याला लगेच जाणवतो. सेटिंगमधील 'गेम मोड' सुरू केल्यावर ही घासपूस कमी झाली आणि बॅट वेळेवर फिरू लागली.

पहिल्या रविवारी सभागृह गच्च भरले. दोन्ही कंट्रोलर दहावीच्या मुलांच्या हाती होते आणि ते हातचे सुटत नव्हते. पाचवी-सहावीची मुले मागे उभी होती. मुली दारातून पाहत होत्या. ज्या विद्यार्थिनीने ती डबी शोधून काढली होती, तीही दारातच होती. तिला कोणी हाकलले नव्हते, आणि कोणी आत बोलावलेही नव्हते. वाड्याच्या खिडकीशी उभा राहिलेल्या मला हे दृश्य ओळखीचे होते. मी यंत्र बंद करवले आणि सर्वांना खाली बसवून विचारले, हे यंत्र कोणाचे? सगळ्यांचे, असे उत्तर लगेच आले. मग कंट्रोलर कोणाकडे, या प्रश्नाला उत्तर आले नाही.

त्याच संध्याकाळी मुलामुलींनी स्वतः नियम केले. रविवारी दोनच तास खेळ. पाळी हजेरीपटाच्या क्रमाने, एक मुलगा आणि एक मुलगी याप्रमाणे. प्रत्येक जोडीला दोन षटके. वेळ राखण्याचे काम ज्याची पाळी आधी होऊन गेली त्याच्याकडे. कन्व्हर्टरची डबी विद्यार्थी समितीच्या ताब्यात, आणि समितीत निम्म्या मुली. पुढच्या रविवारी यादीतले पहिले नाव पाचवीतल्या मुलाचे होते. पहिल्या चेंडूवर तो बाद झाला आणि सभागृह त्याच्यासाठी ओरडले.

पालकसभेत एका पालकांनी विचारले, "सर, आम्ही सहा महिने उसाच्या फडात असतो. लेकराला इथं शिकायला ठेवलं आहे, खेळायला नाही. गावाकडं मोबाईलनं पोरं बिघडली, आता शाळेतही तेच?" या प्रश्नामागे कष्टाचे मोल आहे, आणि भीतीही निराधार नाही. जागतिक आरोग्य संघटनेने खेळाच्या अनिवार आसक्तीचा विकार म्हणून समावेश रोगवर्गीकरणाच्या अकराव्या आवृत्तीत केला असून ती १ जानेवारी २०२२ पासून लागू आहे. अभ्यास, झोप आणि माणसे यांच्यापेक्षा खेळ मोठा होऊ लागला तर ते वेळीच ओळखले पाहिजे.

परंतु मोबाईलवरचा खेळ आणि सभागृहातल्या पडद्यावरचा खेळ यांत मोठा फरक आहे. मोबाईलचा पडदा एकाच्या तळहाताएवढा. मूल पांघरुणात काय खेळते, किती वेळ खेळते, हे शेजारच्या खाटेवरच्यालाही कळत नाही. मोठ्या पडद्यावर सारे उघड्यावर असते. पाळी संपते, हरलेले सगळ्यांसमोर दिसते, जिंकलेला दुसऱ्याच्या हाती कंट्रोलर देऊन उठतो. ज्याच्या घरी मोबाईल नाही, त्याचीही पाळी इतरांइतकीच दोन षटकांची. मूल यंत्र वापरणारच आहे. ते एकट्याने आणि लपून वापरावे, की चारचौघांत आणि नियमाने, एवढेच ठरवणे आपल्या हाती आहे. सभेअंती खेळ परीक्षेच्या महिनाभर आधी बंद ठेवण्याची त्या पालकांची सूचना आम्ही स्वीकारली आणि ती आजही पाळली जाते.

दुसरा लाभ मला अधिक महत्त्वाचा वाटतो. आपल्या मुलांना यंत्रांचा वापर लवकर येतो. यंत्राच्या मागच्या बाजूला हात घालण्याचे धाडस मात्र कोणीतरी द्यावे लागते. तार कुठून येते, चित्र उशिरा का उमटते, डबीवरची अक्षरे काय सांगतात, हे विचारणारी मुले पुढे तंत्रनिकेतनातही जातील आणि प्रयोगशाळेतही. बेअर यांची सुरुवातही रेडिओच्या दुरुस्तीपासूनच झाली होती.

माजी विद्यार्थ्यांना एक विनंती करून थांबतो. आपल्या घरी अडगळीत पडलेले असे एखादे यंत्र असेल तर विद्यालयाला अवश्य द्या. सोबत त्याची तार, अ‍ॅडॉप्टर आणि पुस्तिका असू द्या, आणि शक्य झाल्यास दोन्ही कंट्रोलर चालू असल्याची खात्री करून घ्या. सुट्टीच्या दिवशी स्वतः येऊन जोडून दिलेत तर अधिक आनंद होईल. मात्र खेळायचे असल्यास नाव यादीत घालावे लागेल. पाळी हजेरीपटानंतर येईल.