मेंदीचे कूळ

चि. छोटीस,


मेंदी, डाळिंब, ताम्हण, धायटी आणि खाडीतली पांढरी चिप्पी ही सारी एकाच घराण्यातली झाडे-झुडपे आहेत. शास्त्रात या घराण्याला लिथ्रेसी म्हणतात, मराठीत मेंदी कुल. त्यात सुमारे ६०० जाती आहेत. जांभळाचे कूळ त्याच्या जवळच्या नात्यातले.

या कुलाची खूण फुलातल्या पेल्यात आहे. निदले खाली जुळून पेला किंवा नळी तयार होते. पाकळ्या त्याच्या काठावर उगवतात, पुंकेसर आतल्या भिंतीवर. कळीत पाकळ्या चुरगळून कोंबलेल्या असतात, म्हणून उमलल्यावरही त्यांच्यावर चुण्या राहतात. पाने साधी, अखंड कडांची आणि बहुधा समोरासमोर असतात. फूल सरले तरी पेला फळाला धरून राहतो.

ताम्हण हे महाराष्ट्राचे राज्यपुष्प. ऐन उन्हाळ्यात त्याला जांभळ्या फुलांचे तुरे येतात आणि पाकळ्यांच्या चुण्या लांबूनही दिसतात. त्याची लाकडासारखी टणक बोंडे तडकली की पंखवाल्या बिया वाऱ्यावर जातात. सह्याद्रीतला नाणा त्याचाच भाऊबंद. साल सोलून निघालेले त्याचे फिकट, गुळगुळीत खोड रानात चटकन ओळखू येते.

धायटीत पेल्याची लांब नळीच शेंदरी-लाल असते आणि पाकळ्या अगदी बारीक. नळीतल्या मधासाठी शिंजीर येतात. आयुर्वेदात आसव-अरिष्टे आंबवताना हीच फुले, म्हणजे धातकीपुष्पे, घालतात.

मेंदीची फुले लहान, चार पाकळ्यांची आणि सुवासिक. तिच्या पानांत लॉसोन हे रंगद्रव्य असते. पाने वाटली की ते सुटे होते आणि त्वचेतल्या व केसांतल्या केराटिन या प्रथिनाला घट्ट चिकटते. म्हणूनच मेंदीचा रंग धुऊन जात नाही. त्वचेचा वरचा थर झडेल तसा तो फिकट होतो.

पांढरी चिप्पी खाऱ्या चिखलात वाढते. चिखलात हवा कमी, म्हणून तिची श्वसनमुळे जमिनीतून वर डोके काढतात. फुले रात्री उमलतात. पांढऱ्या पुंकेसरांचा झुबका हीच त्यांची शोभा. वटवाघळे त्यांचे परागण करतात. २०२० मध्ये ती महाराष्ट्राचा राज्य कांदळवन वृक्ष ठरली. तिच्या फळाखाली पेल्याची चांदणी पसरलेली असते.

डाळिंब, चिप्पी आणि तळ्यातला शिंगाडा पूर्वी स्वतंत्र कुलांत मोडत. फुलांची रचना आणि पुढे डीएनएचा पुरावा जुळल्यावर ती याच कुलात आली. डाळिंबाची चुणीदार लाल पाकळी पाहिली की हे नाते पटते. फरक एवढाच, की ताम्हणात वा मेंदीत बीजांडकोश पेल्यात सुटा असतो, म्हणून पेला फळाच्या बुडाशी राहतो. डाळिंबात बीजांडकोश पेल्याच्या तळाशी एकजीव झालेला असतो. त्यामुळे फळ खाली फुगते आणि पेल्याचा काठ वर उरतो. डाळिंबाच्या डोक्यावरचा मुकुट तो हाच. त्यात वाळलेले पुंकेसरही सापडतात.

तुझी,
मावशी