संकलकाचे टेबल

प्रिय मुक्ता,

रेणू सलुजा १९७४ मध्ये पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटमध्ये आल्या, त्या दिग्दर्शन शिकायचे या इराद्याने. त्या वर्गात निवड झाली नाही, प्रवेश मिळाला तो संकलनाला. लॉ कॉलेज रस्त्यावर, जुन्या प्रभात स्टुडिओच्या आवारात असलेल्या या संस्थेतून अरुणाराजे १९६९ मध्येच संकलन शिकून बाहेर पडल्या होत्या. तरी संकलकाच्या खुर्चीत बाई हे दृश्य तेव्हा विरळाच होते. १९७६ मध्ये शिक्षण संपवून सलुजा मुंबईच्या चित्रपटव्यवसायात शिरल्या.

त्या काळी हे काम हातांचे होते. चित्रीकरणाची पॉझिटिव्ह प्रिंट, म्हणजे रशेस, संकलनाच्या खोलीत येई. ३५ मिमी फिल्मच्या एका फुटात १६ फ्रेम, पडद्यावर सेकंदाला २४. त्यामुळे हजार फुटांचे रीळ जेमतेम अकरा मिनिटे चाले. स्टीनबेक या संकलनाच्या यंत्रावर चित्राची पट्टी आणि आवाजाची पट्टी शेजारी शेजारी फिरत. संकलक मेणाच्या पेन्सिलीने खूण करी, स्प्लाइसरने फिल्म कापी आणि चिकटपट्टीने जोडी. उरलेले तुकडे नीट नोंद ठेवून बिनमध्ये टांगलेले असत, कारण टाकून दिलेला सहा फ्रेमचा, पाव सेकंदाचा तुकडाच चार दिवसांनी नेमका हवासा वाटे. कट पक्का झाला की त्याबरहुकूम मूळ निगेटिव्ह कापली जाई. तिथली चूक भरून निघत नसे.

१९८३ या एकाच वर्षी सलुजांच्या संकलनाचे दोन टोकांचे चित्रपट आले. श्री. दा. पानवलकरांच्या कथेवरचा, विजय तेंडुलकरांनी पटकथा लिहिलेला ‘अर्धसत्य’ इन्स्पेक्टर वेलणकरच्या आतला दाब वाढवत नेतो. राष्ट्रीय चित्रपट विकास महामंडळाच्या पैशावर, तुटपुंज्या खर्चात झालेला ‘जाने भी दो यारो’ मात्र हसवता हसवता घाबरवतो. त्यातला नाटकाचा प्रसंग आठवावा. रंगमंचावर महाभारत, द्रौपदीच्या जागी प्रेत, भोवती खेचाखेच आणि आंधळा धृतराष्ट्र पुन्हा पुन्हा तोच प्रश्न विचारतोय. इतकी पात्रे एकाच वेळी धडपडत असताना नजर कोणाकडे वळवायची आणि धृतराष्ट्राकडे नेमके कधी परतायचे, यावर तिथला हशा उभा आहे. कट किंचित उशिरा पडला तर विनोद मरतो. अशा गोंधळात प्रेक्षकाला एकदाही वाट चुकू न देणे, ही सलुजांची खरी ताकद.

पुढे ‘परिंदा’, ‘धारावी’, ‘सरदार’ आणि ‘गॉडमदर’ या चार चित्रपटांच्या संकलनासाठी त्यांना राष्ट्रीय पुरस्कार मिळाले. ‘बँडिट क्वीन’ आणि ‘१९४२: अ लव्ह स्टोरी’ हेही त्यांचेच काम. एकात हिंसा अंगावर येते, दुसऱ्यात गाणी वाहत राहतात, आणि दोन्हींमागे एकच संकलक आहे हे सांगितल्याशिवाय कळत नाही. या कलेत हाताचा ठसा लपवावा लागतो. त्याची किंमतही संकलकालाच मोजावी लागते: चित्रपट दिग्दर्शकाच्या नावाने ओळखला जातो, नटांच्या नावाने चालतो, आणि महिनोन्महिने अंधाऱ्या खोलीत बसून त्याला आकार देणारे माणूस श्रेयनामावलीतल्या एका ओळीपुरते उरते. हा अन्याय आहे, आणि तो सवयीचा झाला म्हणून लहान ठरत नाही.

१६ ऑगस्ट २००० रोजी कर्करोगाने रेणू सलुजांचे निधन झाले. वय अवघे ४८.

मुक्ता, ‘परिंदा’तला कबुतरखान्यापाशी होणाऱ्या खुनाचा प्रसंग एकदा आवाज बंद करून बघ. प्रत्येक कट मोज. मग तोच प्रसंग आवाजासह बघ, आणि तुला काय दिसले ते मला लिहून कळव.

तुझी,
मावशी