हरिश्चंद्राचा कारखाना

चाकणच्या पट्ट्यात वाहनांचा कारखाना पाहण्यास आलेल्या पाहुण्याला जोडणीची रांग दाखवितात. कसबाची किल्ली मात्र मालक स्वतःजवळच राखतो. व्यापारी घरात हे निराळे सांगावयास नको.

दादासाहेब फाळके यांनी ती किल्लीच पडद्यावर मांडली. विम्याच्या पॉलिसीवर कर्ज काढून १९१२ साली त्यांनी लंडन गाठले आणि १९१३ मध्ये ‘राजा हरिश्चंद्र’ आणला. सिनेमात काम करणे कमीपणाचे मानले जाई. म्हणून नटांनी ‘हरिश्चंद्राच्या कारखान्यात’ नोकरी करतो असे सांगावे, अशी युक्ती निघाली. दादरच्या घरी सरस्वतीबाई साऱ्या मंडळींचा स्वयंपाक करीत आणि रात्री अंधारात कोऱ्या फिल्मला छिद्रे पाडीत. त्या श्रमाची नोंद कोणत्या खात्यात झाली असेल?

पुढे १९१७ मध्ये ‘चित्रपट कसे तयार करतात’ या लघुपटात फाळके स्वतःच कॅमेऱ्यासमोर आले. नटांना सूचना देणारे, फिल्म न्याहाळणारे फाळके त्याच्या उरलेल्या तुकड्यांत आजही दिसतात.

त्याच सुमारास मुंबईच्या व्यापाऱ्यांच्या भागीदारीत हिंदुस्थान सिनेमा फिल्म्स कंपनी उभी राहिली. लवकरच बिनसले. फाळके काशीस गेले, तेथे ‘रंगभूमी’ नाटक लिहिले आणि काही काळाने नाशकास परतले. अशा प्रसंगी भांडवलदारास दोष देण्याची रूढी आहे. पण हिशेब मागणे हा भागीदाराचा हक्कच होय. कारागिराला तो अविश्वास वाटतो, एवढेच.

पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटमधून, म्हणजे जुन्या प्रभात स्टुडिओच्या आवारातून, बाहेर पडलेल्या तरुणांनी निराळा मार्ग काढला. ‘युक्त’ ही सहकारी संस्था स्थापून त्यांनी १९७६ मध्ये तेंडुलकरांच्या ‘घाशीराम कोतवाल’वर चित्रपट केला. दिग्दर्शक चार : मणी कौल, के. हरिहरन, सईद मिर्झा आणि कमल स्वरूप. नाना झाले मोहन आगाशे. घाशीराम झाले तेव्हा अपरिचित असलेले ओम पुरी. चौघांच्या सहीने चालणारे खाते कसे अडते, हे बँकेत वावरलेला कोणीही सांगेल. येथे चित्रपट पुरा झाला. मात्र साऱ्यांचे म्हणून जे असते, ते जपावयाचे कोणी? त्याची प्रत टिकली ती बर्लिनच्या आर्सेनल संस्थेत; तेथेच तिचे डिजिटल रूप झाले आणि २०१४ च्या बर्लिन महोत्सवात चित्रपट पुन्हा पडद्यावर आला.