सूर्याचा वायु आणि आपला अभिमान

औंढा नागनाथ हें नांव बहुतेक वाचकांस तेथील प्राचीन शिवालयामुळें ठाऊक असेल. आमच्या हिंगोली जिल्ह्यांतील त्याच तालुक्यांत आतां ‘लायगो-इंडिया’ ही गुरुत्वीय लहरींची वेधशाळा उभी राहावयाची आहे. एप्रिल २०२३ मध्यें केंद्रीय मंत्रिमंडळानें तिच्यासाठीं सुमारें २,६०० कोटि रुपये मंजूर केले. काटकोनांत मांडलेल्या, प्रत्येकीं ४ किलोमीटर लांबीच्या दोन भुजा, आणि त्यांतील हवा जवळजवळ निःशेष काढून घेतलेल्या नळ्या, असें तिचें स्थूल स्वरूप आहे.

या नळ्यांस सूक्ष्म छिद्रही चालत नाहीं. डोळ्यांस न दिसणारें छिद्र शोधावें कसें? अमेरिकेंतील अशाच दोन वेधशाळांच्या नळ्या हेलियम वायूच्या साह्यानें तपासल्या गेल्या. नळीच्या एका अंगास हवा काढून घ्यावयाची, दुसऱ्या अंगास हेलियम सोडावयाचा, आणि त्याचा अंश पलीकडे उतरतो कीं काय हें यंत्रानें पाहावयाचें, अशी ही रीत आहे. हेलियमचा अणु अत्यंत लहान. तो सहसा कशाशींही संयोग पावत नाहीं. आणि हवेच्या दहा लक्ष भागांत त्याचे अवघे पांच भाग. म्हणून अशा साक्षीदारावर विश्वास ठेवतां येतो.

मूलद्रव्यांच्या कोष्टकांत हेलियम ज्या अखेरच्या रकान्यांत बसतो त्या कुळास ‘उदासीन वायु’ म्हणतात. हेलियम, निऑन, अर्गॉन, क्रिप्टॉन, झेनॉन व रेडॉन हे त्यांतील प्रसिद्ध सहा. त्यांच्या शेजारीं क्लोरिन, आयोडिन इत्यादिकांचें कूळ आहे. त्यांचें इंग्रजी नांव ग्रीक धातूंवरून ‘मीठ उत्पन्न करणारे’ या अर्थाचें आहे. संस्कृतांत ‘लवणजन’ म्हटलें कीं तोच अर्थ साधतो. लवणजनांच्या घरांत एका इलेक्ट्रॉनची उणीव असते आणि ती भरून काढण्यासाठीं ते सदैव धडपडतात. क्लोरिननें सोडियमकडून तो घेतला कीं आपल्या ताटांतील मीठ तयार होतें. उदासीनांचें घर आधींच भरलेलें. त्यांना कोणाकडे मागावयाचें कारण नाहीं. म्हणूनच लवणजन लवकर सांपडले. क्लोरिन १७७४ सालीं, तर आयोडिन १८११ सालीं समुद्रवनस्पतींच्या राखेंतून हातीं आला. उदासीनांनीं मात्र कोठें संयोगाची खूणच ठेवली नव्हती. त्यांतील पहिला जो ओळखला गेला, तो पृथ्वीवर नव्हे, सूर्याच्या प्रकाशांत.

तो प्रसंग १८ ऑगस्ट १८६८ च्या खग्रास सूर्यग्रहणाचा. त्या दिवशीं चंद्राची छाया कोंकणच्या किनाऱ्यापासून मच्छलीपट्टणपर्यंत आपल्या देशावरून गेली. गुंटूर येथें फ्रेंच ज्योतिषी जान्सेन, मच्छलीपट्टण येथें मद्रास वेधशाळेचे पॉगसन, आणि पटवर्धनांच्या जमखंडी संस्थानांत लेफ्टनंट जॉन हर्शेल हे यंत्रें लावून बसले होते. सूर्यज्वालांच्या वर्णपटांत त्यांना तेजस्वी रेषा दिसल्या. त्यांत एक नारिंगीपिवळी होती. चुलीच्या ज्वालेंत चिमूटभर मीठ टाकलें असतां जो पिवळा उजेड पडतो तो सोडियमचा. ही रेषाही त्याचीच, असें हर्शेल यांना वाटलें.

त्याच वर्षीं २० ऑक्टोबर रोजीं लंडन येथें नॉर्मन लॉकियर यांनीं ग्रहणावांचूनच सूर्यज्वालांचा वर्णपट पाहिला. हे गृहस्थ युद्धखात्यांत कारकून होते व ज्योतिष हा त्यांचा फावल्या वेळचा व्यासंग होता. ती पिवळी रेषा सोडियमच्या जोडरेषेच्या अगदीं जवळ, परंतु तिच्याहून वेगळी आहे, हें त्यांनीं दाखविलें. पुढें सूर्याच्या ग्रीक नांवावरून या अज्ञात द्रव्यास ‘हेलियम’ हें नांव मिळालें. अखेर १८९५ सालीं रॅम्झे यांना तो युरेनियमच्या एका खनिजांत सांपडला आणि सत्तावीस वर्षांचा संशय फिटला.

हा इतिहास विस्तारानें सांगण्याचें कारण आमच्याच घरांत घडलें. आमच्या नातवानें एका स्पर्धेसाठीं हेलियमवर निबंध लिहिला. लॉकियर यांनीं विजयदुर्गच्या किल्ल्यांतील चौथऱ्यांवर उभें राहून हेलियम शोधला, असें त्यांत होतें. ही गोष्ट महाराष्ट्रांत सर्वत्र सांगितली जाते. त्या चौथऱ्यांस ‘साहेबाचे कट्टे’ म्हणतात, आणि अलीकडे १८ ऑगस्टला तेथें हेलियम दिन साजरा होतो. परंतु लॉकियर त्या ग्रहणाच्या वेळीं इंग्लंडांत होते. मीं तें वाक्य बदलण्यास सांगितलें. तेव्हां धाकटे चिरंजीव म्हणाले, “नाना, मुलाच्या मनांत आपल्या प्रांताविषयीं थोडा अभिमान राहिला तर बिघडलें कोठें? शिवाय परीक्षकांनाही तीच गोष्ट ठाऊक असणार.” नातू हिरमुसला होऊन म्हणाला, “आजोबा, मग हेलियमशीं आपला कांहीं संबंधच नाहीं का?”

संबंध आहे, आणि तो खरा आहे, असें मीं त्यास समजाविलें. छाया आपल्या भूमीवर पडली. मराठी संस्थानांतील जमखंडीच्या आभाळाखालीं ती रेषा प्रत्यक्ष दिसली. ती वेगळी आहे हें मात्र ओळखलें गेलें लंडनमध्यें. दिसणें आणि ओळखणें यांत जें अंतर आहे तेंच शास्त्राचें मर्म होय. विजयदुर्गची सोपी गोष्ट सांगितली कीं नेमकें तेंच मर्म हरवतें. मुलानें दोन दिवस विचार करून निबंध पुन्हां लिहिला. त्यास बक्षीस मिळालें नाहीं. सूनबाईंनीं त्या दिवशीं त्याच्यासाठीं शिरा केला, आणि चिरंजीवांनीं तो निबंध स्वतःच्या कपाटांत ठेवून दिला. त्यावर अधिक बोलणें झालें नाहीं.

मला वाटतें, आमच्या जिल्ह्यांत जी वेधशाळा येत आहे तिची तयारी केवळ जमीन आणि पैसा देऊन होणार नाहीं. अणूच्या रुंदीहूनही किती तरी सूक्ष्म हालचाल मोजणाऱ्या त्या यंत्रापाशीं उद्यां आपलीं मुलें काम करतील. तेथें जें दिसलें तेवढेंच लिहावें लागेल. आवडतें म्हणून अधिक नाहीं. ही संवय लावण्याची जागा आपलें घर होय. विजयदुर्ग शिवछत्रपतींच्या आरमाराचा किल्ला आहे. त्याच्या गौरवास उसन्या गोष्टीची गरज नाहीं. येत्या १८ ऑगस्टला मुलांस जवळ बसवून हकीकत जशी घडली तशीच सांगावी, आणि एखाद्या वडील माणसानें ज्वालेंत मिठाचा खडा टाकून तो पिवळा प्रकाश त्यांना दाखवावा.