नादपूरची मडकी

या महिन्याच्या भित्तिपत्रकासाठी गुरुजींनी आम्हाला 'माझ्या मनातले गाव' हा विषय दिला आहे. माझ्या मनातल्या गावाचे नाव नादपूर. ते कुठल्याच नकाशात नाही. तिथे कुणालाच लिहिता येत नाही, कारण तिथे अक्षरेच नाहीत. तरी तिथले लोक अडाणी नाहीत. ते सगळे काही मडक्यात साठवून ठेवतात.

ते कसे, तर कुंभार चाकावर ओले मडके फिरवतो. ज्याला सांगायचे तो नरसाळ्यात बोलतो. नरसाळ्याच्या बुडाला पातळ कातडे ताणलेले असते आणि कातड्याला बाभळीचा काटा लावलेला असतो. बोलले की कातडे थरथरते, काटा हलतो आणि मडक्यावर बारीक वाकडी रेघ उमटते. मग मडके आव्यात भाजतात. ऐकायचे झाले की मडके फिरवायचे आणि त्याच रेघेत काटा ठेवायचा. मडके बोलू लागते!

नादपूरच्या शाळेत पुस्तके नाहीत, उतरंडी आहेत. पहिलीला बोळकी, चौथीला घागरी. तलाठ्याकडे शेताच्या हद्दींचे मोठे रांजण आहेत. परगावी गेलेला मुलगा आईला पेंढ्यात गुंडाळून बोळके पाठवतो. बोलताना मध्येच कोंबडा आरवला तर तोही मडक्यात जातो. पंधराच्या पाढ्याच्या घागरीत एका शेळीचा आवाज आला आहे. तिथली सगळी मुले पाढा म्हणताना तिथे "बें" करतात!

तुम्हाला हे खोटे वाटेल. मलाही वाटले होते. पण गुरुजी म्हणाले, असे यंत्र खरोखर झाले आहे. अमेरिकेत थॉमस एडिसन यांनी १८७७ साली फोनोग्राफ केला. त्यात मडक्याऐवजी नळकांडे होते आणि त्यावर कथलाचा पातळ पत्रा गुंडाळलेला होता. बोलले की पडदा हलायचा आणि सुई पत्र्यावर खळगे पाडायची. पुन्हा सुई त्यावरून फिरवली की तेच बोलणे ऐकू यायचे. एडिसन यांना स्वतःला कमी ऐकू येत असे, याचे मला नवल वाटले. गुरुजींनी आम्हाला कागदाची पुंगळी करून तिच्यात बोलायला लावले. कागद बोटाखाली थरथरतो. तुम्ही पण करून बघा.

पण तो पत्रा थोड्याच वेळा ऐकला की खराब होई. म्हणून मी नादपूरला एक नियम केला. मडके ऐकून ऐकून रेघ झिजते. म्हणून दर पाडव्याला जुने मडके ऐकायचे, पाठ करायचे आणि नव्या मडक्यात बोलायचे. हे काम दहा वर्षांच्या मुलांचे. ज्याने पाठ केले नाही, त्याच्या घरचे मडके मुके होते.

हा नियम मी का केला ते आता सांगते.

माझ्या आजीला लिहिता येत नव्हते. काकाच्या लग्नात हळद दळायला जाते मांडले, तेव्हा आजीने ओव्या म्हटल्या. एका ओवीत तिने माझे नाव घातले होते. आत्याने ते आण्णांच्या मोबाईलमध्ये रेकॉर्ड केले. गेल्या आखाडात आजी वारली. नंतर आण्णा रात्री कधी कधी ओट्यावर बसून ते ऐकायचे.

एक दिवस मला गेम घ्यायचा होता. मोबाईलमध्ये जागा नव्हती. मी भराभर पुसत गेले. त्यात आजीचा आवाज पण पुसला. आण्णांनी खूप शोधले. त्यांना वाटले, मोबाईल बिघडला. मी गप्प बसले. मला लई रडू आले, पण सांगायचा धीर झाला नाही.

मग मी पलीकडच्या आळीतल्या म्हातारीकडे गेले. ती आणि आजी एका जात्यावर दळायच्या. मी तिला सगळे खरे सांगितले. ती म्हणाली, "रडू नगं पोरी. ती गेली, पर तिच्या ओव्या माझ्यापाशी हायेत." तिला आजीच्या तीन ओव्या येतात. माझ्या नावाची पण येते. मी आठ दिवस रोज शाळा सुटल्यावर जात होते. आजी शेवटच्या ओळीला आवाज कसा लांबवायची, ते तिने मला चार वेळा म्हणायला लावून शिकवले. ओव्या मी वहीत लिहिल्या आहेत आणि पाठ केल्या आहेत.

आजीचा आवाज काही परत येणार नाही. तो माझ्याच हातून गेला. पण नादपूरच्या नियमाप्रमाणे मी आता नवे मडके झाले आहे.

मित्रांनो, तुमच्या घरी आजी-आजोबा असतील तर त्यांचे एक गाणे किंवा गोष्ट रेकॉर्ड करा. आणि पाठ पण करा.

काल मी आईला सांगितले. आण्णांना अजून नाही. ते आज पालकसभेला येतील आणि हे वाचतील. आण्णा, रागवा, पण संध्याकाळी ओट्यावर बसा. मी ओवी म्हणून दाखवते.

— इयत्ता चौथीची एक विद्यार्थिनी