ती तिकडं जाते कशाला?

भयपट बघताना प्रेक्षक एक प्रश्न हमखास विचारतो. घरात काहीतरी आहे हे कळूनही ती बाई आत जाते कशाला? पटकथालेखकाला याचं उत्तर आधीच पेरून ठेवावं लागतं. मुंबईतल्या बैठकांमध्ये अशी उत्तरं तयार असतात: लाइट गेली, मूल हरवलं, भर पावसात गाडी बंद पडली. मी मूळची चंद्रपूरची. भयमालिका आणि भयपट लिहिण्यातच माझी उमेदीची वर्षं गेली, पण ही उत्तरं मला कधी पुरली नाहीत. आमच्याकडे बायका सगळं ठाऊक असताना तिथं जातात.

मोहाचंच बघा. मार्च-एप्रिलात फुलं गळतात ती पहाटे. ऊन चढायच्या आत ती वेचावी लागतात, नाहीतर हरणं, गुरं, अस्वलं फस्त करतात. वेचणारी वाकलेली असते, नजर जमिनीवर. वाकलेला माणूस वाघाला माणूस वाटत नाही, हे वनखात्याचे लोक गावोगाव सांगतात आणि बायकांना ते पाठ आहे. १३ जणांचा जीव घेतलेला सीटी-१ वाघ ऑक्टोबर २०२२ मध्ये गडचिरोलीतल्या वडशाच्या जंगलात बेशुद्ध करून पकडला. तो मोकळा होता तेव्हाही चुली पेटतच होत्या आणि सरपण रानातूनच यायचं. मोहाचे पैसे आले नाहीत तर काय अडतं, हे त्या बाईला कुणी समजावून सांगावं लागत नाही.

म्हणून माझ्या पटकथेच्या पहिल्या दहा पानांत भूत नसतं. एक पान म्हणजे पडद्यावरचं साधारण एक मिनिट. ती दहा मिनिटं मी देण्याघेण्याला देते. कुणाकडून उसने घेतले, कधी फेडायचे, दवाखान्याला किती लागले. हे नीट बसलं की बाई अंधारात जाते आणि कोणी हसत नाही.

भीती आणि दचका यांतला फरक मी आमच्या पूर्व विदर्भातल्या झाडीपट्टीच्या नाटकांत शिकले. दिवाळी झाली, धान निघालं, की मंडईच्या जत्रा आणि शंकरपटाच्या बैलशर्यती यांच्या निमित्तानं गावोगाव मंडप पडतात. वडशाच्या कंपन्या येतात, रात्री उशिरा पडदा उघडतो आणि नाटक पहाटेपर्यंत चालतं. समोर सगळं गाव, पोरं मांडीवर झोपलेली. २०२३ मध्ये परशुराम खुणे यांना पद्मश्री मिळाली तेव्हा बाहेरच्या अनेकांनी या रंगभूमीचं नाव पहिल्यांदा ऐकलं. आमच्याकडे मात्र तिच्यावर घरं चालतात. पहाटे तीनला पेंगणाऱ्या माणसाला ढोलकीच्या थापेनं दचकवता येतं, पण तो लगेच पुन्हा पेंगतो. तो खरा जागा होतो ते पडद्यामागचा माणूस त्याला दिसतो आणि नायिकेला दिसत नाही तेव्हा. मग मागच्या रांगेतून एखादी म्हातारी ओरडते, "नको जाऊ वो बाई!" प्रेक्षकाला पात्राहून थोडं जास्त ठाऊक असणं, यात भयाचं बरंचसं तंत्र आलं.

रोजच्या मालिकेत त्यासाठी सवड मिळत नाही. जाहिराती वगळून वीस-बावीस मिनिटं, प्रत्येक ब्रेकआधी एक दचका, शेवटी हुक. हे काम मी मन लावून केलं आणि त्याचं मला मोल आहे. घट्ट सीन लिहायची सवय त्यानंच लावली. पण एका वाहिनीनं टीआरपी उतरल्यावर चेटकिणीचा ट्रॅक मागितला. गावाबाहेर राहणारी विधवा म्हातारी, मोकळे केस, हातात लिंबू. भाग १८०च्या सुमाराला गाव तिला बांधणार आणि प्रेक्षकाला सुटल्यासारखं वाटणार, असा आराखडा होता. मी तो लिहिला नाही आणि मालिका सोडली.

कारण हे दृश्य माझ्या जिल्ह्यात घडलेलं आहे. ऑगस्ट २०२१ मध्ये जिवती तालुक्यातल्या वणी खुर्द गावात भानामतीच्या संशयावरून सात जणांना भर चौकात बांधून मारलं. त्यांत बाया होत्या, म्हातारी माणसं होती. मे २०२४ मध्ये शेजारच्या गडचिरोलीत, एटापल्ली तालुक्यातल्या बारसेवाड्यात जादूटोण्याच्या संशयावरून एक बाई आणि एक पुरुष यांना जाळून मारलं. डॉ. नरेंद्र दाभोलकरांच्या खुनानंतर, २०१३ मध्ये जादूटोणाविरोधी कायदा झाला, तो असूनही हे झालं. मलेरियानं किंवा आणखी कशानं घरातलं लेकरू जातं, दवाखाना लांब असतो आणि करणी करणारं माणूस शेजारीच सापडतं. मग त्याच घरातल्या टीव्हीवर मी लिहिलेली म्हातारी लिंबू कापताना दिसली, तर तो संशय मी पक्का करते. भयकथा निरुपद्रवी करमणूक असते, हे मला पुण्यात बसून कदाचित पटलं असतं.

भूत लिहू नये असं माझं म्हणणं मुळीच नाही. 'लपाछपी'त (२०१७) उसाच्या फडातली भुतं अंगावर येतात, कारण मुलगी नको म्हणून केलेली हत्या त्यांच्या मुळाशी आहे. 'तुंबाड'मध्ये (२०१८) हस्तर या राक्षसापेक्षा विनायकाची हाव जास्त घाबरवते. दोन्ही ठिकाणी लेखकांनी भीती जिथं ठेवायला हवी तिथं ठेवली. भयकथालेखकाचं कसब मला तिथंच दिसतं: प्रेक्षकाचं बोट शेवटी कुणाकडे वळतं? ते दुबळ्याकडे वळलं, तर बाकीची कारागिरी कितीही चोख असो, मला ती नको.

सध्या लिहितेय त्या चित्रपटात एक पूर्ण भूत आहे, त्याचे नियम आहेत, ते खरंच येतं. पण सगळ्यात भयंकर सीन त्याचा नाही. गावातली माणसं चौकात जमलीत. युरिया मिळत नाही, धानाचा बोनस अजून खात्यात आला नाही, असं बोलणं चाललंय. मध्येच कोणी विचारतो, दोर कोणाकडे आहे? कोणीतरी एका घराचं नाव सांगतो, आणि बोलणं पुन्हा बोनसवर येतं. आवाज कोणीच चढवत नाही. दिग्दर्शकाला तिथं पार्श्वसंगीत हवं आहे. मी संहितेतच लिहून ठेवलंय की नको, चौकातले आवाज पुरेत. ज्या म्हातारीला बांधणार आहेत, तिला तीन संवाद आहेत. तिन्हींत ती एकेकाला नावानं हाक मारते, कारण ही पोरं तिच्या अंगणात वाढलेली आहेत. ही भूमिका झाडीपट्टीतल्याच नटीनं करावी असा माझा आग्रह आहे. वडशात दोघींशी बोलणं चाललंय, आणि दोघींचंही म्हणणं आहे की संवाद झाडीबोलीत हवेत. ते मी आता नव्यानं लिहितेय.